दिसणे आणि दुखणे : तार्लोव पुटीच्या उपचारविचाराची प्रस्तावना

1938 साली मॉन्ट्रियल न्यूरॉलॉजिकल इन्स्टिट्यूटमध्ये आयझाडोर मॅक्स तार्लोव हे तरुण शल्यचिकित्सक ‘फायलम टर्मिनाले’चा अभ्यास करत होते. मज्जारज्जूच्या टोकापासून निघून खाली माकडहाडापर्यंत जाणारा हा एक बारीक धागा. शवविच्छेदनातून मिळालेले 30 नमुने त्यांच्यापुढे होते. त्यांपैकी पाचांत त्यांना न शोधलेलीच एक गोष्ट सापडली. त्रिकास्थीतून जाणाऱ्या मज्जातंतूंच्या मुळांवर पाण्यासारख्या द्रवाने भरलेल्या लहान पिशव्या होत्या. तार्लोवांनी या पिशव्यांची, म्हणजे पुट्यांची, रचना सूक्ष्मदर्शकाखाली तपासली आणि निबंध लिहिला. या पुट्यांचा दुखण्याशी काही संबंध असेल, असे तेव्हा कोणाला वाटले नव्हते. दहा वर्षांनी, 1948 मध्ये, त्याच तार्लोवांनी सायटिकाच्या एका रुग्णाची हकिगत प्रसिद्ध केली. शस्त्रक्रियेने पुटी काढली आणि वेदना गेली. 1953 मध्ये त्यांनी या विषयावर स्वतंत्र पुस्तकच लिहिले.

पहिल्या निबंधातली पुटी निरुपद्रवी होती, दुसऱ्यातली उपद्रवी. दोन्ही निरीक्षणे आजही खरी आहेत, आणि या क्षेत्रातले जवळजवळ सगळे वाद या दोन सत्यांच्या मधल्या जागेत घडतात. तार्लोव पुटीवरच्या उपचारांची यादी पाठ करायला एक संध्याकाळ पुरते. समोर बसलेल्या माणसाला जे दुखते आहे ते याच पुटीमुळे दुखते आहे, हे ठरवायला मात्र कधी महिने लागतात, आणि कधी ते उपचार केल्यानंतरच कळते. म्हणून इथला प्रत्येक उपचार काही प्रमाणात निदानाची परीक्षाही असतो. पुढचे विवेचन या एका सूत्राला धरून वाचावे, एवढीच वाचकाला विनंती आहे.

आधी जागा समजून घेऊ. मज्जारज्जू कमरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्यापाशी संपतो. त्याच्या खाली मज्जातंतूंच्या मुळांचा जुडगा ड्युरा या जाड आवरणाच्या नळीतून, मेरुद्रवात बुडालेल्या अवस्थेत उतरत जातो. नळी साधारणपणे त्रिकास्थीच्या दुसऱ्या मणक्याच्या पातळीवर मिटते. तिथून बाहेर पडताना प्रत्येक मूळ आवरणाची एक बाही सोबत घेऊन निघते. संवेदना वाहून आणणारे मागचे मूळ ज्या ठिकाणी आपल्या गँग्लियनला मिळते, तिथे पेरिन्यूरियम आणि एंडोन्यूरियम या दोन थरांमध्ये फट पडून त्यात मेरुद्रव साठतो. हीच तार्लोव पुटी. ती बहुतेक वेळा दुसऱ्या किंवा तिसऱ्या त्रिक मुळावर असते. अनेकदा एकाच माणसात अशा दोन-तीन पुट्याही आढळतात.

तिचे एक वैशिष्ट्य सगळ्या उपचारविचाराला वळण देते. पुटीच्या भिंतीत किंवा पोकळीत जिवंत मज्जातंतूंचे धागे असतात. त्वचेखालची किंवा अंडाशयातली पुटी जशी सालीसकट काढून टाकता येते, तशी ही काढायला गेल्यास तिच्यासोबत मूळही जाण्याची भीती असते. 1988 मध्ये नेबर्स आणि सहकाऱ्यांनी पाठीच्या कण्यातल्या आवरणजन्य पुट्यांचे तीन प्रकार पाडले, तेव्हा हीच कसोटी मुख्य मानली. ड्युराबाहेरच्या आणि मज्जातंतू नसलेल्या पुट्या पहिल्या प्रकारात गेल्या, ड्युराबाहेरच्या आणि मज्जातंतू असलेल्या दुसऱ्यात, ड्युराच्या आतल्या तिसऱ्यात. तार्लोव पुटी दुसऱ्या प्रकारात येते. वर्गीकरण कोरडे वाटले तरी शल्यचिकित्सकाच्या हाताला ते थेट आज्ञा देते. पहिल्या प्रकारात मान बांधून पिशवी काढता येते, दुसऱ्या प्रकारात तसे करता येत नाही.

या पुट्या मोठ्या का होतात, याबद्दल अनेक मते आहेत. जन्मतःच आवरणात असलेला कमकुवतपणा, पडल्यामुळे झालेला रक्तस्राव, दाह अशी कारणे वेगवेगळ्या अभ्यासकांनी पुढे केली. मार्फान आणि एहलर्स-डॅनलॉस यांसारख्या संयोजी ऊतींच्या आजारांत आवरणच सैल असते, आणि अशा रुग्णांत पुट्या आढळण्याकडे लक्ष वेधले गेले आहे. आज सर्वाधिक आधार घेतला जातो तो मेरुद्रवाच्या दाबाचा. आडवे झोपले असता कमरेतल्या मेरुद्रवाचा दाब साधारणपणे पाण्याच्या 10 ते 20 सेंटिमीटर उंचीइतका असतो. माणूस उठून बसला की वरच्या द्रवाचा भार खाली येतो आणि हा दाब दुपटीहून वाढतो. खोकला, शिंक, जोर लावणे यांनी तो क्षणभर आणखी उसळतो. पुटीचे तोंड अरुंद असेल, तर विहिरीवरच्या पंपाच्या फूटव्हॉल्व्हसारखी स्थिती होते. दाबाच्या प्रत्येक लाटेबरोबर द्रव आत शिरतो, पण त्याच वेगाने बाहेर येत नाही. पुटी ताणली जाते, भिंतीतले मज्जातंतू ताणले जातात, शेजारचे मूळ दाबले जाते, आणि वर्षानुवर्षांच्या दाबाने त्रिकास्थीचे हाडही पोखरले जाते. उलट तोंड रुंद असेल, तर द्रव सहज ये-जा करतो आणि तशी पुटी मोठी असूनही शांत राहू शकते. मेरुद्रवात रंगद्रव्य सोडून क्ष-किरण चित्र घेण्याच्या, म्हणजे मायलोग्राफीच्या, काळातच तार्लोवांनी या फरकावर भर दिला होता. रंगद्रव्य लगेच भरणाऱ्या पिशव्या आणि उशिरा भरणाऱ्या पुट्या त्यांनी वेगळ्या मानल्या.

आता आकडे पाहू. 1994 मध्ये पॉल्सन, कॉल आणि मर्टाघ यांनी कमरेच्या लागोपाठच्या 500 एमआरआय तपासण्या पाहिल्या. 4.6 टक्के लोकांत, म्हणजे 23 जणांत, पुटी होती, आणि त्यांपैकी पाच जणांनाच तिचा त्रास होत असल्याचे त्यांचे मत पडले. 2005 मध्ये लँगडाउन आणि सहकाऱ्यांनी 3535 रुग्णांचे एमआरआय तपासले. त्यांना 54 जणांत, म्हणजे दीड टक्क्यात, पुटी दिसली, आणि त्यांतल्या सातच जणांची लक्षणे पुटीशी जुळली. दोन्ही आकड्यांत तिपटीचा फरक आहे. यंत्राची क्षमता, चित्रांचे काप त्रिकास्थीत किती खालपर्यंत घेतले आणि वाचणाऱ्याने लहान पुटी नोंदवली की सोडून दिली, एवढ्यानेही असे फरक पडतात. दोन्ही अभ्यासांचा कल मात्र एकच आहे. ज्यांना पुटी असते त्यांच्यातल्या बहुतेकांना ती असल्याचे कळतही नाही. स्त्रियांमध्ये ती पुरुषांपेक्षा जास्त आढळते आणि त्रास होणाऱ्यांतही स्त्रियांची संख्या मोठी असते.

या आकड्यांतून दोन परस्परविरोधी चुका जन्माला येतात. पहिली चूक उत्साहाची आहे. एमआरआयच्या अहवालात पुटीचे नाव दिसले की तीच दोषी ठरते, आणि चौथ्या-पाचव्या मणक्यामधली सरकलेली चकती, झिजलेला खुब्याचा सांधा किंवा सॅक्रोइलियाक सांध्याचा दाह यांकडे दुर्लक्ष होते. दुसरी चूक आळसाची आहे. या पुट्या पुष्कळांना असतात, त्या त्रास देत नाहीत, असे पाठ झालेले वाक्य ऐकवून रुग्णाला परत पाठवले जाते. काही अहवालांत तर पुटीचा उल्लेखच नसतो. अशा रुग्णांची पाच-पाच, दहा-दहा वर्षे स्त्रीरोगतज्ज्ञ, मूत्ररोगतज्ज्ञ, अस्थिरोगतज्ज्ञ आणि शेवटी मानसोपचारतज्ज्ञ यांच्या दारात जातात. दोन्ही चुकांवर उपाय एकच आहे, लक्षणे नीट ऐकून घेणे.

ऐकायचे काय? त्रिक मुळे दुसरी ते चौथी ही मूत्राशय, गुदद्वार, जननेंद्रिये आणि बैठकीचा भाग यांचा कारभार पाहतात. त्यामुळे पुटीची वेदना बैठकीत, माकडहाडाभोवती, मांडीच्या मागच्या बाजूला आणि दोन पायांच्या मधल्या नाजूक भागात जाणवते. बसल्यावर आणि उभे राहिल्यावर ती वाढते, आडवे झाल्यावर उतरते. खोकताना किंवा शौचाला जोर लावताना कळ येते. लघवी अडखळणे, पूर्ण न होणे किंवा वारंवार होणे, बद्धकोष्ठ, शरीरसंबंधात वेदना, जननेंद्रियाच्या भागात बधिरपणा या तक्रारी असू शकतात. 2012 मध्ये कोमिसारुक आणि सहकाऱ्यांनी इच्छेविना, सतत जाणवणाऱ्या लैंगिक उत्तेजनेचा त्रास असलेल्या 18 स्त्रियांचे एमआरआय तपासले, तेव्हा 12 जणींत तार्लोव पुटी आढळली. संख्या लहान आहे, पण ज्या तक्रारीची वर्षानुवर्षे थट्टा झाली तिच्यामागे मज्जातंतूंचे कारण असू शकते, ही शक्यता त्या अभ्यासाने गंभीरपणे मांडली.

आपल्याकडे ही यादी सहसा पूर्ण होत नाही. महाराष्ट्रातल्या बाह्यरुग्ण विभागात येणारी स्त्री ‘कंबर धरली आहे’ किंवा ‘खाली दुखतं’ एवढेच सांगते, आणि सोबत सासू किंवा नवरा असेल तर तेवढेही सांगत नाही. बाळंतपणानंतरची कंबर म्हणून घरच्यांनी ते दुखणे आधीच खाती टाकलेले असते. लघवीबद्दल विचारले तर उत्तर मिळते, शरीरसंबंधाबद्दल विचारलेच जात नाही. म्हणून विचारण्याची पद्धत हीच इथे तपासणीचे पहिले साधन आहे. एकांतात, साध्या मराठीत, लाज न बाळगता आणि लाज न आणता विचारलेले पाच प्रश्न पुष्कळदा दुसऱ्या एमआरआयचा खर्च वाचवतात. किती वेळ बसता येते, झोपल्यावर किती वेळात बरे वाटते, लघवीची भावना पूर्वीसारखी आहे का, शौचाला जोर लावताना दुखते का, शरीरसंबंध टाळला जातो का, हे ते पाच.

एक अपवाद मात्र तातडीचा आहे. लघवी अचानक तुंबणे, बैठकीचा भाग बधिर होणे, दोन्ही पायांतली ताकद झपाट्याने कमी होणे ही कॉडा इक्विनावर, म्हणजे मज्जारज्जूखालच्या मुळांच्या जुडग्यावर, दाब आल्याची लक्षणे आहेत. कारण पुटी असो वा चकती, अशा वेळी विचारविमर्शाला अवकाश नसतो. रुग्णाला त्याच दिवशी रुग्णालयात न्यावे लागते.

प्रतिमाचित्रणाने पुटी सापडते, पण ती दोषी आहे की नाही याचे उत्तर त्यातून अर्धेच मिळते. एमआरआयच्या टी-2 चित्रात पुटी मेरुद्रवासारखीच पांढरीशुभ्र दिसते. कमरेच्या नेहमीच्या तपासणीत आडवे काप बहुधा पहिल्या त्रिक मणक्यापाशी थांबतात, म्हणून संशय असेल तर संपूर्ण त्रिकास्थीचे चित्रण मागावे लागते. सीटी स्कॅनमध्ये पोखरलेले हाड दिसते. सीटी मायलोग्राफीत रंगद्रव्य पुटीत किती उशिरा शिरते ते पाहून तोंड अरुंद आहे की रुंद, याचा अंदाज येतो. त्याला जोड म्हणून मूत्राशयाची युरोडायनॅमिक तपासणी आणि ओटीपोटाच्या तळाच्या स्नायूंची ईएमजी करता येते. पुटी त्रिकास्थीच्या पुढे ओटीपोटात डोकावत असेल, तर सोनोग्राफीत ती अंडाशयाची गाठ भासू शकते. तिच्यात बायोप्सीची सुई घालण्याआधी एमआरआय पाहिलेला बरा, कारण आत मेरुद्रव असतो.

निदानाच्या या पायऱ्या चढल्यावर उपचारांचे पर्याय समोर येतात. त्यांचा क्रम सौम्य ते तीव्र असा लावण्याची पद्धत आहे. तो क्रम पुराव्याचाही आहे, कारण प्रत्येक पायरीवर पुटीच्या दोषाबद्दल थोडी अधिक खात्री होते.

पहिला पर्याय काहीच न करण्याचा, पण लक्ष ठेवण्याचा. योगायोगाने सापडलेल्या, लक्षणे नसलेल्या पुटीला उपचार नको. रुग्णाला समजावून सांगणे हाच इथला उपचार. ही कर्करोगाची गाठ नाही, ती फुटून जीव जाणार नाही, आणि बहुतेक पुट्या वर्षानुवर्षे तशाच राहतात, एवढे ऐकल्यावर अनेकांची अर्धी भीती जाते. ठरावीक काळाने पुन्हा चित्रण करायचे की लक्षणे बदलल्यावरच, याबद्दल तज्ज्ञांत मतभेद आहेत.

दुसरा पर्याय औषधे आणि फिजिओथेरपी यांचा. मज्जातंतूंच्या वेदनेसाठी गॅबापेंटिन, प्रीगाबालिन, अमिट्रिप्टिलिन, ड्युलॉक्सेटिन ही औषधे वापरली जातात. दाहशामक गोळ्यांचा उपयोग तात्पुरता असतो. मेरुद्रवाची निर्मिती कमी करणारे अॅसिटाझोलामाइडही काही ठिकाणी वापरून पाहिले जाते, आणि त्याने फरक पडला तर दाबाची उपपत्ती त्या रुग्णापुरती बळकट होते. ओटीपोटाच्या तळाच्या स्नायूंचे प्रशिक्षण, बसण्याची व्यवस्था बदलणे, बद्धकोष्ठावर उपाय करून जोर लावणे टाळणे या गोष्टी साध्या वाटतात. पण मांडी घालून जमिनीवर बसण्याची सवय असलेल्या घरात किंवा रोजचा एसटीचा प्रवास चुकवता न येणाऱ्या माणसाला त्या प्रत्यक्षात आणून देणे हे कौशल्याचे काम आहे. मुळाभोवती स्थानिक भूल आणि स्टिरॉइड दिल्याने वेदना काही काळ थांबली, तर ते मूळ गुन्ह्यात सामील असल्याचा एक पुरावा हाती येतो. तो निर्णायक नसतो, कारण औषध शेजारच्या मुळांपर्यंतही पसरते.

तिसरा पर्याय सुईने द्रव काढून घेण्याचा. सीटीच्या मदतीने त्रिकास्थीच्या पातळ झालेल्या हाडातून सुई पुटीत नेतात. आराम कित्येकदा तासाभरातच पडतो, आणि काही आठवड्यांत किंवा महिन्यांत पुटी पुन्हा भरते. पॉल्सन आणि सहकाऱ्यांनी ज्या पाच जणांवर हा प्रयोग केला, त्यांच्यातही आराम बहुधा तात्पुरताच ठरला. उपचार म्हणून हा पर्याय तोकडा असला तरी परीक्षा म्हणून तो मोलाचा आहे. द्रव काढल्यावर वेदना गेली आणि पुटी भरल्यावर परत आली, तर पुटी आणि वेदना यांचा संबंध इतक्या स्पष्टपणे दाखवणारी दुसरी साधी तपासणी नाही. वेदना मुळीच कमी झाली नाही, तर मोठ्या शस्त्रक्रियेचा विचार तिथेच थांबवणे शहाणपणाचे.

चौथा पर्याय म्हणजे द्रव काढून पोकळीत फायब्रिनचा गोंद भरणे. फायब्रिनोजेन आणि थ्रॉम्बिन ही रक्त गोठण्याच्या प्रक्रियेतली दोन द्रव्ये एकत्र आली की त्यांची घट्ट जाळी बनते. 1997 मध्ये पटेल आणि सहकाऱ्यांनी चार रुग्णांवरच्या अशा उपचाराची नोंद केली. सुरुवातीच्या या प्रयत्नांत जंतूविरहित मेनिंजायटिसचा त्रास झाला, कारण गोंद मेरुद्रवाच्या मुख्य पोकळीत शिरला तर आवरणाला दाह होतो. पुढे दोन सुया वापरण्याची पद्धत रुळली. एक सुई खोलवर, दुसरी वर. एकीतून द्रव बाहेर येताना दुसरीतून हवा आत जाते, आणि पुटीचे तोंड मुख्य नळीशी मोकळे आहे का याचा अंदाज गोंद सोडण्याआधीच घेता येतो. 2016 मध्ये मर्फी आणि सहकाऱ्यांनी 213 रुग्णांचा अनुभव प्रसिद्ध केला, आणि त्यांतल्या बहुसंख्य रुग्णांनी समाधान व्यक्त केले. या पद्धतीला इतिहासातून एक जोड मिळते. स्वतः तार्लोवांनी 1940च्या दशकात तुटलेले मज्जातंतू टाक्यांऐवजी रक्तद्रवाच्या गुठळीने जोडण्याचे तंत्र विकसित केले होते आणि 1950 मध्ये त्यावर ग्रंथ लिहिला. त्या गुठळीचा चिकटपणाही फायब्रिनचाच होता. एका माणसाने स्वतंत्रपणे चालवलेले दोन अभ्यास त्याच्या पश्चात एकाच सुईच्या टोकाशी एकत्र आले.

पाचवा पर्याय शस्त्रक्रियेचा. त्रिकास्थीच्या मागच्या भिंतीचा तुकडा काढून सूक्ष्मदर्शकाखाली पुटी उघडी केली जाते. शस्त्रक्रिया सुरू असताना गुदद्वाराच्या आणि पायांच्या स्नायूंचे विद्युत संकेत टिपत राहतात, म्हणजे कोणता धागा जिवंत आहे ते कळते. पुढे काय करायचे, यावर शाखा फुटतात. कोणी पुटीला खिडकी पाडून भिंत दुमडून शिवतो, कोणी भिंतीचा मज्जातंतूविरहित भाग कापतो, कोणी पोकळीत चरबी किंवा स्नायूचा तुकडा भरून गोंद लावतो, कोणी उरलेल्या बाहीला आधाराचे आवरण गुंडाळतो. 2001 मध्ये व्हॉयाडझिस आणि सहकाऱ्यांनी दहा रुग्णांवरून असे मांडले की दीड सेंटिमीटरपेक्षा मोठी पुटी आणि मुळाची स्पष्ट वेदना किंवा मूत्राशयाची लक्षणे असलेल्यांना शस्त्रक्रियेचा जास्त लाभ होतो. 2003 मध्ये कास्पर आणि सहकाऱ्यांनी 15 रुग्णांवर पुटी छाटून आवरण पुन्हा बांधण्याच्या पद्धतीचे चांगले परिणाम नोंदवले. धोके मात्र खरे आहेत. जखमेतून मेरुद्रव झिरपणे, संसर्ग, पुटी पुन्हा होणे, आणि सर्वांत वाईट म्हणजे आधी नसलेला लघवीचा किंवा संवेदनेचा दोष निर्माण होणे. मेरुद्रवाचा दाब कमी करण्यासाठी कमरेतून पोटाच्या पोकळीत नळी बसवण्याचाही प्रयोग झाला आहे. 1997 मध्ये बार्टेल्स आणि व्हॅन ओव्हरबीक यांनी दोन रुग्णांत तो यशस्वी झाल्याचे लिहिले. पण नळी तुंबणे आणि संसर्ग यांमुळे तो सर्वसामान्य मार्ग झालेला नाही.

हे सारे वाचून नवखा वाचक विचारेल की यांतला उत्तम उपचार कोणता. सरळ तुलनेने हा प्रश्न सोडवणारा मोठा यादृच्छिक प्रयोग झालेला नाही. हाती आहेत त्या बहुतेक एकेका केंद्रातल्या रुग्णमालिका, आणि त्यांची बेरीज करणारे आढावे. त्या वाचताना तीन गोष्टींकडे लक्ष ठेवावे. पहिली, रुग्ण कसे निवडले. द्रव काढून आधी परीक्षा घेतलेल्या रुग्णांचे निकाल आणि सरसकट घेतलेल्यांचे निकाल एका तराजूत घालता येत नाहीत. दुसरी, बरे वाटले म्हणजे काय. वेदनेचा दहापैकी आकडा दोनने उतरणे आणि माणूस पुन्हा कामावर बसू लागणे, ही दोन्ही ‘सुधारणा’ म्हणून छापली जातात. तिसरी, किती दिवसांनी विचारले. या वेदनेत चढउतार स्वभावतःच असतात. रुग्ण बहुधा चढाच्या टोकावर असतानाच उपचाराला येतो, त्यामुळे पहिल्या महिन्यात दिसणारा उतार सगळाच उपचाराच्या खाती जमा करता येत नाही. वर्षानंतरचा आकडा त्याहून विश्वासाचा.

आढाव्यांचा एकंदर सूर असा: सुईच्या पद्धतीत गुंतागुंत तुलनेने कमी आणि पुटी पुन्हा भरण्याची शक्यता जास्त, शस्त्रक्रियेत याच्या उलट. पण या वाक्याचा उपयोग रुग्णाच्या संदर्भाविना होत नाही. तोंड रुंद असलेल्या पुटीत गोंद भरणे धोक्याचे ठरू शकते. भिंतीत तंतूंची दाट जाळी असेल तर कापणे धोक्याचे. दाबाचा मूळ विकारच सर्व शरीरात असेल, तर एक पुटी मिटवल्यावर दुसरी बोलू लागते. आणि मूळ अनेक वर्षे दबलेले असेल, तर दाब काढल्यावरही वेदना राहू शकते, कारण मज्जातंतूला दाब न राहिल्यानंतरही दुखत राहण्याची सवय लागलेली असते. अशा रुग्णाला शस्त्रक्रियेआधीच याची कल्पना देणे हा संमतिपत्राचा सर्वांत महत्त्वाचा भाग आहे.

या अभ्यासाच्या दारात तीन प्रकारचे वाचक येतात, आणि तिघांचेही स्वागत आहे. न्यूरोसर्जरी, अस्थिरोग किंवा रेडिऑलॉजी शिकणाऱ्या विद्यार्थ्याने शरीररचनेपासून सुरुवात करावी. त्रिकास्थीचे हाड हातात घेऊन त्याच्या छिद्रांतून मुळे कशी निघतात ते पाहिल्याविना कोणतेही चित्र वाचता येत नाही. फिजिओथेरपिस्ट आणि स्त्रीरोगतज्ज्ञ यांनी लक्षणांपासून सुरुवात करावी, कारण असा रुग्ण प्रथम त्यांच्याकडेच येतो. आणि हातात अहवाल घेऊन, रात्री झोप न लागल्यामुळे इथवर वाचत आलेल्या रुग्णाने आकड्यांच्या परिच्छेदापासून सुरुवात करावी, मग डॉक्टरांना विचारायचे प्रश्न लिहून काढावेत. माझी लक्षणे पुटी असलेल्या मुळाशीच जुळतात का? दुसरे कोणते कारण वगळले? ही पद्धत तुम्ही किती रुग्णांवर वापरली आहे? फायदा झाला नाही तर पुढे काय? हे चार प्रश्न विचारल्याने कोणाही चांगल्या डॉक्टरचा अपमान होत नाही.

या क्षेत्रात मोठे प्रयोगशाळेतले यश अजून यायचे आहे, पण लहान प्रामाणिक नोंदींची गरज त्याहून तातडीची आहे. स्त्रियांमध्ये त्रास जास्त का, पुटीच्या तोंडाची रुंदी आधीच अचूक कशी मोजावी, कोणत्या रुग्णाला सुई पुरेल आणि कोणाला नाही, या प्रश्नांची उत्तरे एकाच पद्धतीने लिहिलेल्या शेकडो केसपेपरांतून येतील. जिल्ह्याच्या गावी बसणारा डॉक्टर या कामात मागे पडण्याचे कारण नाही. रुग्ण किती मिनिटे बसू शकतो, लघवीला किती वेळ लागतो, रात्री किती वेळा उठतो, हे उपचाराआधी, महिन्याने आणि वर्षाने त्याच तीन प्रश्नांत लिहून ठेवायला वही आणि चिकाटी लागते. असा प्रत्येक केसपेपर पुढच्या रुग्णाच्या निर्णयाला आधार देईल, आणि ज्यांनी तो लिहिला ते या अभ्यासाचे वाचक न राहता त्याचे लेखक होतील.